एका पौंडाचे एक पौंड त्र्याण्णव

इंग्लंडमध्ये घरासाठी कर्ज मागितलं की बँक आधी एक लांबलचक पत्रक पाठवते. आमच्या इल्फर्डच्या घरासाठी आलेलं पत्रक मी आमटीला फोडणी देता देता वाचत होतो. त्यात एक वाक्य असतं, कायद्यानं छापावंच लागतं: घेतलेल्या प्रत्येक एका पौंडामागे तुम्ही एकूण किती पौंड परत कराल. मोहरी जळाली ती हे वाक्य वाचताना.

पत्रकातला नेमका आकडा इथे देत नाही, कारण पहिली काही वर्षं एक दर आणि पुढे दुसराच, असा त्याचा घोळ असतो. हिशेब सोपा राहावा म्हणून ३ लाख पौंड कर्ज, ३० वर्षं मुदत आणि सगळी वर्षं ५ टक्के व्याज धरू. महिन्याचा हप्ता येतो १,६१० पौंड. तीस वर्षांत भरलेले एकूण पैसे ५ लाख ७९ हजार ७६७ पौंड. म्हणजे एका पौंडाचे एक पौंड त्र्याण्णव पेन्स.

रविवारी बाबांना फोनवर हे सांगितलं. बाबा सहकारी बँकेतून निवृत्त झालेले, आकडे तोंडी. क्षणभर थांबून म्हणाले, "म्हणजे दामदुप्पटच की रे!"

हा शब्द मी कित्येक वर्षांत ऐकला नव्हता. आता दामदुप्पट म्हटलं की पैसे दुप्पट करून देणाऱ्या योजना आठवतात. पण मूळ अर्थ नेमका उलटा, सावकाराला वेसण घालणारा. हिंदू धर्मशास्त्रातला हा जुना नियम: एका वेळी वसूल करायचं व्याज मुद्दलाहून जास्त होता कामा नये. शंभर रुपये दिले असतील तर थकलेलं व्याज कितीही फुगो, शंभर मुद्दल आणि शंभर व्याज, पुढे एक पैसा मागता येणार नाही. मुंबई इलाख्यातल्या इंग्रज न्यायालयांनीही हा नियम मानला. ज्या इंग्रजांच्या देशात मी आता कर्ज घेतोय, त्यांचेच न्यायाधीश आमच्याकडे हा नियम लावत बसले होते याची मला गंमत वाटली.

अर्थात नियम पुस्तकात होता म्हणून कुणब्याचं घर वाचलं असं नाही. अमेरिकेतल्या यादवी युद्धामुळे (१८६१ ते १८६५) तिथला कापूस थांबला, आपल्याकडच्या कापसाला सोन्याचा भाव आला आणि सावकारांनी हात सैल सोडून कर्जं दिली. युद्ध संपलं, भाव कोसळले, त्यातच सरकारनं शेतसारा वाढवला आणि सावकारांनी हात आखडला. १२ मे १८७५ रोजी पुणे जिल्ह्यातल्या सुप्याला, बाजाराच्या दिवशी, लोक सावकारांच्या दुकानांवर आणि घरांवर चालून गेले. मग पुणे आणि नगर जिल्ह्यांतली कितीतरी गावं पेटली. इतिहासात हे दख्खनचे दंगे म्हणून नोंदलेले आहेत. यातली लक्षात ठेवण्यासारखी गोष्ट म्हणजे लोकांना सावकाराचा जीव नको होता, कागद हवे होते. खतं, रोखे, हुकूमनामे. ज्यानं ते मुकाट्यानं काढून दिले त्याला बहुतेक ठिकाणी कुणी हात लावला नाही. कागदांची होळी झाली. चौकशी आयोग बसला आणि १८७९ मध्ये दख्खनच्या शेतकऱ्यांसाठी वेगळा कायदा आला. खतावर काय लिहिलंय ते बाजूला ठेवून मुळात किती पैसे दिले होते हे तपासायचा अधिकार त्यानं कोर्टाला दिला.

त्या काळच्या गहाणाचे प्रकार बाबांनी मला फोनवरच समजावले. नजरगहाण म्हणजे जमीन तुमच्या ताब्यात, सावकाराची नुसती तिच्यावर नजर. कबजेगहाण म्हणजे जमीन सावकाराच्या ताब्यात आणि पीकही त्याचं. आणि मुदतखरेदी म्हणजे मुदतीत पैसे फेडले नाहीत तर गहाण आपोआप विक्री ठरणार. तिन्हींत सर्वात वाईट ती शेवटची.

इंग्लंडमध्येही हेच सगळं होतं, आठशे वर्षांपूर्वी. मॉर्टगेज हा शब्द जुन्या फ्रेंचमधला, शब्दशः अर्थ 'मेलेलं गहाण'. बाराव्या शतकात ग्लॅनव्हिलच्या नावावर असलेल्या कायद्याच्या ग्रंथात जिवंत गहाण आणि मेलेलं गहाण असा भेद येतो. सावकाराच्या ताब्यातल्या जमिनीचं उत्पन्न कर्जातून वळतं होत असेल तर गहाण जिवंत. उत्पन्न सावकारानं खायचं आणि मुद्दल तसंच उभं राहायचं, तर मेलेलं. दुसऱ्या प्रकाराला तो ग्रंथ व्याजखोरीत काढतो. पुढे पंधराव्या शतकात लिटलटनने वेगळा अर्थ लावला: पैसे फेडले नाहीत तर जमीन ऋणकोला मेली, फेडले तर धनकोला मेली. मुदत एक दिवस जरी चुकली तरी जमीन गेली, असा कडक कायदा होता. सतराव्या शतकात चॅन्सरी कोर्टानं त्यातून वाट काढली. मुदत उलटली तरी पैसे घेऊन येणाऱ्याला आपली जमीन सोडवून घेऊ द्यावी, हा तो हक्क. म्हणजे मुदतखरेदीचे दात तिकडे दोनशे वर्षं आधी उपटले गेले.

हे झालं जमीनदारांचं. सामान्य माणसानं राहत्या घरासाठी कर्ज काढायचं ही कल्पना मात्र भिशीतून आली. मी थट्टा करत नाही. १७७५ च्या सुमाराला बर्मिंगहॅममध्ये रिचर्ड केटली नावाच्या खानावळवाल्याच्या 'गोल्डन क्रॉस'मध्ये काही लोक जमून दरमहा वर्गणी काढू लागले. पुरेसे पैसे साठले की एकाचं घर बांधायचं, मग दुसऱ्याचं. सगळ्यांची घरं झाली की संस्था बंद. आपल्या भिशीत मिक्सर किंवा सोन्याची चेन येते, त्यांच्या भिशीत घर यायचं, एवढाच फरक. एकोणिसाव्या शतकाच्या मध्यापासून या संस्था कायमच्या झाल्या: पैसे ठेवणारे वेगळे, कर्ज घेणारे वेगळे. 'बिल्डिंग सोसायटी' या नावात बांधकाम उरलं ते नावापुरतं. (आपल्याकडे मुंबईत गावदेवीला सारस्वतांची गृहनिर्माण सोसायटी १९१५ साली उभी राहिली, ती जातीच्या आणि सहकाराच्या आधारावर. श्रीपाद सुब्बराव तल्मकींचं ते काम. तो वेगळ्या लेखाचा विषय आहे.)

आता इल्फर्ड. लंडनच्या पूर्वेचं हे गाव, तेव्हा एसेक्स परगण्यातलं. लंडनमध्ये ते अधिकृतपणे आलं १९६५ साली. रेल्वे १८३९ पासून होती, पण गाव झोपलेलं होतं. १८९१ मध्ये वस्ती सुमारे ११ हजार, १९०१ मध्ये ४१ हजार, १९११ मध्ये ७८ हजार. वीस वर्षांत सात पट! पिंपरी-चिंचवड पाहिलेल्या माणसालाही हा वेग ओळखीचा वाटेल. ही घरं बांधणाऱ्यांत दोन नावं मोठी. एक ग्लासगोचे खासदार आर्चिबाल्ड कॅमरन कॉर्बेट. ते दारूचे कट्टर विरोधक, त्यामुळे त्यांच्या वसाहतींत गुत्ता नाही. सेव्हन किंग्ज आणि गुडमेज ही स्टेशनं १८९९ आणि १९०१ मध्ये उघडली ती या वसाहतींसाठीच. दुसरे विल्यम पीटर ग्रिग्ज, इथलेच बांधकाम व्यावसायिक. पुढे १९१८ साली ते इल्फर्डचे पहिले खासदार झाले. बिल्डरनं खासदार होण्याची परंपरा आपलीच आहे असं मी समजत होतो.

घेणारे कोण? लंडनच्या कचेऱ्यांतले कारकून. त्या काळात ब्रिटनमध्ये बहुसंख्य लोक भाड्यानंच राहत. १९१८ मध्ये स्वतःच्या घरात राहणारी कुटुंबं चारांत एकही नव्हती, आणि १९३९ मध्ये ती जेमतेम तिसरा हिस्सा झाली. या बदलामागचं एक मोठं कारण म्हणजे ३० जून १९३२ ला बँक ऑफ इंग्लंडचा दर २ टक्क्यांवर आला आणि पुढे युद्धापर्यंत बहुतेक तिथेच राहिला. गँट्स हिलकडच्या जोडघरांच्या रांगा दोन महायुद्धांमधल्या याच काळातल्या. बिल्डरांच्या जाहिरातींत घराची पूर्ण किंमत बारीक टायपात आणि आठवड्याला किती शिलिंग पडतील ते ठळक असायचं. आपला 'हप्ता' हा शब्द फारसीतल्या 'आठवड्या'वरून आला. आपण तो महिन्याला भरतो. इल्फर्डचे कारकून तो खऱ्या अर्थानं भरत.

हिशेब करून पाहिला. ५०० पौंड कर्ज, साडेचार टक्के, २५ वर्षं. आठवड्याला सुमारे १२ शिलिंग १० पेन्स. २५ वर्षांत एकूण ८३४ पौंड. एका पौंडाचे एक पौंड सदुसष्ट. पण १९३४ साली हे कर्ज घेणाऱ्याचा शेवटचा हप्ता १९५९ साली. मध्ये युद्ध झालं आणि किमती जवळजवळ तिप्पट झाल्या. सुरुवातीला पगाराचा मोठा घास घेणारे तेच १२ शिलिंग शेवटी चिल्लर होते. बँकेच्या वहीत त्यानं दीडपटीहून अधिक फेडलं. पावाच्या आणि कोळशाच्या मापात त्यानं मुद्दलाएवढंही फेडलं नसावं.

आम्हा इंजिनिअरांना एकक बदललं की उत्तर बदलतं हे शिकवलेलं असतं, पण कर्जाच्या बाबतीत ते माझ्या डोक्यात शिरायला इतकी वर्षं गेली. तीस वर्षांनंतरचा पौंड आणि आजचा पौंड यांची बेरीज करणं म्हणजे मीटर आणि फूट यांची बेरीज करण्यासारखं आहे. एक पौंड त्र्याण्णव हा आकडा तशीच बेरीज करून येतो.

मग काय, व्याजाची चिंताच नको? १९७० साली इल्फर्डमध्ये घर घेतलेल्यांनी असंच म्हटलं असतं आणि ते बरोबर ठरलं असतं. १९७५ च्या ऑगस्टमध्ये इथली महागाई २७ टक्क्यांच्या जवळ गेली होती आणि घरकर्जाचं व्याज ११ टक्क्यांच्या आसपास. दहा वर्षांत किमती साडेतीन पटीच्या वर. कर्ज वितळून गेलं. ते कुणाच्या खिशातून वितळलं? सोसायटीत ठेवी ठेवणाऱ्या म्हाताऱ्या माणसांच्या. हे दुसरं टोक इथल्या पार्ट्यांत कुणी सांगत नाही. "आम्ही तेव्हा इतक्याला घेतलं, आज इतके लाख" एवढंच सांगतात.

आणि १९८८ साली घेणाऱ्यांचं काय झालं तेही कमी सांगतात. तेव्हा घरकर्जाच्या व्याजावर करसवलत होती, पहिल्या ३० हजार पौंड कर्जापर्यंत. दोघं अविवाहित मिळून घर घेत असतील तर प्रत्येकाला वेगळी. १९८८ च्या मार्चमधल्या अर्थसंकल्पात जाहीर झालं की ऑगस्टपासून एका घराला एकच सवलत. चार-पाच महिने आधी सांगितल्यामुळे झुंबड उडाली आणि भाव आणखी चढले. लगेच बँक दर चढायला लागला आणि ऑक्टोबर १९८९ मध्ये १५ टक्के झाला. ६० हजारांच्या कर्जावर साडेनऊ टक्क्यांनी महिन्याला नुसतं व्याज ४७५ पौंड. पंधरा टक्क्यांनी ७५० पौंड. पगार तोच. घराचे भाव पडले, कर्ज मात्र तेवढंच. एकट्या १९९१ मध्ये ब्रिटनमध्ये ७५ हजारांहून अधिक घरं जप्त झाली.

याच पिढीला आणखी एक गोष्ट विकली गेली. मुद्दल फेडूच नका, फक्त व्याज भरा, आणि शेजारी एक विमा पॉलिसी चालू ठेवा. पंचवीस वर्षांनी ती पिकेल, मुद्दल फिटेल आणि वर काही उरेल. १९८० च्या दशकाच्या शेवटी नवीन कर्जांपैकी बहुतांश अशीच होती, कारण विकणाऱ्याला पॉलिसीवर दलाली मिळायची. पुढे महागाई उतरली, शेअर बाजाराचा परतावा उतरला आणि लाखो घरांत पत्रं आली की तुमची पॉलिसी मुद्दलाला पुरणार नाही. ग्लॅनव्हिलच्या भाषेत हे अस्सल मेलेलं गहाण. पंचवीस वर्षं भरूनही मुद्दल जागचं हललेलं नाही.

आपल्या हप्त्यात मुद्दल हलतं, पण किती हळू ते पाहा. वरच्याच उदाहरणात पहिल्या १,६१० पौंडांपैकी १,२५० व्याजात जातात आणि ३६० मुद्दलात. पंधरा वर्षं झाली, निम्मी मुदत संपली, तरी अजून २ लाख ३ हजार ६५० पौंड बाकी. एक तृतीयांशही फिटलेलं नाही. हप्त्याचा अर्धा भाग मुद्दलात जायला लागतो तो सोळा वर्षं उलटल्यावर. बाबांनी हे ऐकून विचारलं, "मासिक रेस्ट की वार्षिक?" त्यांचा हा आवडता राग. पूर्वी इथेही आणि आपल्याकडेही अनेक संस्था वर्षातून एकदाच शिल्लक मोजत. जानेवारीत भरलेला हप्ता वर्षअखेरपर्यंत तुमच्या नावावर जमा धरला जात नसे. १० टक्के आणि २५ वर्षांच्या कर्जात यानं दर लाखामागे सुमारे २,८०० जादा जातात. पौंड म्हणा, रुपये म्हणा. बँकेच्या खिडकीवर बसून लोकांना हे समजावता आलं नाही, याचं त्यांना अजून वाईट वाटतं. आता इथे बहुधा रोजच्या शिलकीवर मोजतात.

मुदत वाढवण्याचा मोह सध्या फार. चाळीस वर्षं केली तर हप्ता १,६१० वरून १,४४७ होतो. महिन्याला १६४ पौंड हलके वाटतात, आणि एकूण व्याज १ लाख १४ हजारांनी वाढतं. याउलट पहिल्या दिवसापासून महिन्याला १०० पौंड जास्त भरले तर कर्ज तीन वर्षं आठ महिने आधी फिटतं आणि सुमारे ४० हजार पौंड वाचतात. आपल्याकडचं उदाहरण द्यायचं तर ५० लाख, साडेआठ टक्के, २० वर्षं: हप्ता ४३,३९१ रुपये, एकूण व्याज ५४ लाखांवर. दामदुप्पट ओलांडली. ती रेषा नेमकी कुठे आहे हेही काढून ठेवलंय. व्याज मुद्दलाएवढं होतं ते २० वर्षांच्या कर्जात ८ टक्क्यांना, २५ वर्षांच्या कर्जात ६.४ टक्क्यांच्या जवळ आणि ३० वर्षांच्या कर्जात ५.३ टक्क्यांना.

आणि इथला खरा धोका म्हणजे दर फक्त दोन किंवा पाच वर्षांसाठी बांधलेला असतो. २०२० मध्ये ३ लाखांचं कर्ज दीड टक्क्यानं २५ वर्षांसाठी घेतलेल्याचा हप्ता १,२०० पौंड. २३ सप्टेंबर २०२२ ला क्वासी क्वार्टेंग यांनी ती प्रसिद्ध करकपात जाहीर केली, बाजार गडगडला, आणि ऑक्टोबरात दोन वर्षांच्या कर्जांचा सरासरी दर ६ टक्क्यांच्या वर गेला. त्या आठवड्यांत ज्याचं नूतनीकरण आलं त्याचा हप्ता १,८७० च्या पुढे. माझ्या ओळखीतल्या एका कुटुंबानं त्या वर्षी भारताची तिकिटं रद्द केली. आजी शेवटची आजारी होती.

एवढं पाहिल्यावर भाड्यानंच का राहत नाहीस, असं आईनं विचारलं. भाडंही तीस वर्षं भरलं तर त्याचीही बेरीज छाती दडपवणारीच होते, आणि ती कुणी कागदावर छापून पाठवत नाही, हे माझं उत्तर. ते तिला पटलं असं वाटत नाही.

बाबांचा मुद्दा राहिला. पुढच्या रविवारी त्यांनीच आपलं वाक्य दुरुस्त केलं. दामदुपट लागते ती थकलेल्या व्याजाला. जो दर महिन्याला इमानेइतबारे व्याज देतो त्याला ती कधीच लागत नाही; त्यानं आयुष्यभरात मुद्दलाच्या तिप्पट व्याज दिलं तरी धर्मशास्त्राची हरकत नाही. "तू नियमित भरणार ना? मग तुला काही संरक्षण नाही," असं म्हणून ते बराच वेळ हसले.

मग त्यांनी विचारलं की कर्ज फिटल्यावर कागदपत्रं परत कोण देतं, बँक की वकील. मी म्हटलं, बहुतेक कुणीच नाही. इथे मालकी सरकारी जमीन नोंदणी खात्याच्या संगणकावर असते. २००३ पासून गहाणाचं प्रमाणपत्र देणंही बंद झालं. शेवटचा हप्ता गेला की बँक खात्याला कळवते आणि नोंदीतली एक ओळ काढली जाते.

"म्हणजे सुप्याच्या लोकांना इथे काही करता आलं नसतं," बाबा म्हणाले. सही मंगळवारी आहे.